तेरा हात, एक साप्ताहिक आणि बंगालचा दुष्काळ : 'लोकयुद्धा'चा एक धागा

८ ऑगस्ट १९४२, मुंबईचे गोवालिया टँक मैदान. अखिल भारतीय काँग्रेस समितीपुढे 'छोडो भारत'चा ठराव मताला टाकला गेला आणि प्रचंड बहुमताने संमत झाला. विरोधात हात वर झाले ते अवघे तेरा, आणि त्यांतले बहुतेक कम्युनिस्टांचे. त्यानंतर भाषणाला उभे राहिलेल्या गांधीजींनी आरंभीच या तेरा जणांचे अभिनंदन केले. आपण अगदी अल्पमतात असलो तरी धीर सोडायचा नाही, हेच तर गेली वीस वर्षे आपण शिकत आलो आहोत, असा त्यांच्या बोलण्याचा आशय होता.

दुसऱ्या दिवशी पहाटे गांधीजींसह काँग्रेसचे सारे प्रमुख नेते अटकेत होते. ते तेरा जण ज्या पक्षाचे होते, तो पक्ष मात्र बाहेर होता, आणि तोही आठ वर्षांच्या बंदीनंतर प्रथमच उजळ माथ्याने. सरकारने ही बंदी जुलै १९४२ मध्ये, म्हणजे या ठरावाच्या जेमतेम दोन आठवडे आधी उठवली होती.

हा योगायोग नव्हता, आणि 'फितुरी' या एका शब्दात तो मावतही नाही. दर ऑगस्टमध्ये या विषयावर जे वाद झडतात, त्यांत एक बाजू पक्षाची बेचाळीसमधील भूमिका दाखवते आणि दुसरी बाजू त्याने त्रेचाळीसच्या दुष्काळात केलेले काम. ही दोन्ही पाने एकाच साप्ताहिकातली आहेत. तीच माणसे, तोच छापखाना आणि तेच धोरण. ती एकत्र वाचली तरच त्या साप्ताहिकाने काय पाहिले आणि काय पाहायचे टाळले, हे कळते.

त्यासाठी तीन वर्षे मागे जावे लागेल.

सप्टेंबर १९३९ मध्ये व्हाइसरॉय लिनलिथगो यांनी येथील कोणत्याही पक्षाला न विचारता हिंदुस्थान युद्धात उतरल्याचे जाहीर केले. तेव्हा सर्वांत कडवा विरोध करणाऱ्यांत कम्युनिस्ट होते. हे साम्राज्यवाद्यांचे आपसांतले युद्ध आहे, त्याला 'ना एक पाई, ना एक भाई', ही त्यांची घोषणा होती. २ ऑक्टोबर १९३९ रोजी मुंबईत सुमारे ९० हजार कामगारांनी युद्धाच्या निषेधार्थ एक दिवसाचा संप केला. त्यात पगारवाढीचा प्रश्न नव्हता, मागणी निव्वळ राजकीय होती. महागाई भत्त्यासाठी गिरणगावातला मोठा संप पुढे मार्च १९४० मध्ये झाला.

सरकारने भारत संरक्षण कायद्याचा बडगा उगारला. वृत्तपत्रे बंद पडली, पत्रके रात्री चोरून छापली आणि वाटली जाऊ लागली. श्रीपाद अमृत डांगे, बी. टी. रणदिवे यांच्यासह अनेक पुढाऱ्यांना राजस्थानातील देवळी येथील स्थानबद्धांच्या छावणीत डांबण्यात आले. पक्षाचे सरचिटणीस पूरणचंद जोशी भूमिगत राहून काम पाहत होते.

२२ जून १९४१ रोजी हिटलरच्या फौजा सोव्हिएत रशियात घुसल्या. आता मॉस्कोहून हुकूम आला आणि एका रात्रीत सारे फिरले, अशी एक समजूत प्रचलित आहे. कालक्रम तपासला तर ती टिकत नाही. पुढचे जवळजवळ सहा महिने भूमिगत नेतृत्वाची भूमिका अशी होती की, इंग्रजी सत्तेशी झुंज चालू ठेवणे हीच आपल्याकडून रशियाला खरी मदत. धोरण बदलण्याचा आग्रह धरला तो देवळीच्या तारांआडच्या कैद्यांनी. युद्धाचे स्वरूपच पालटले आहे, ते आता जनतेचे युद्ध झाले आहे, असे त्यांचे टिपण बाहेर पोचले. ब्रिटिश कम्युनिस्टांचाही तोच सूर होता. डिसेंबर १९४१ मध्ये पक्षाने अखेर ही भूमिका स्वीकारली. बाहेरचा प्रभाव निर्विवाद होता. पण निर्णय वाद होऊन झाला, आणि त्या वादात तुरुंगातली माणसे आपल्या सुटकेची कसलीही हमी नसताना बोलत होती.

इतिहास वाचताना दुसरी एक गोष्ट सहज निसटते. १९४२ च्या वसंतात जपानची भीती काल्पनिक नव्हती. मार्चमध्ये रंगून पडले. ब्रह्मदेशातून हजारो निर्वासित पायी येत होते. एप्रिलमध्ये विशाखापट्टणम आणि काकीनाडा येथे बॉम्ब पडले, मे महिन्यात चितगाववर. जपान्यांनी चीनमध्ये काय केले होते, हे वाचणाऱ्यांना ठाऊक होते. फॅसिझमविषयी कम्युनिस्ट जे लिहीत होते, ते आज वाचताना कोणालाही अतिशयोक्त वाटणार नाही. प्रश्न होता तो दुसराच. ज्या सत्तेने तुमच्या देशाला गुलाम केले आहे, तिच्याच युद्धयंत्रणेला आड न येता फॅसिझमशी लढायचे कसे? पक्षाचे कागदोपत्री उत्तर असे : काँग्रेस आणि मुस्लिम लीग यांची एकजूट व्हावी, गांधीजी व इतर नेत्यांची सुटका व्हावी, राष्ट्रीय सरकार स्थापन व्हावे आणि त्या सरकारने जनतेचे युद्ध लढावे. यातले काहीही इंग्रज सरकार देणार नव्हते. हाती उरला तो उत्तराचा नकारात्मक भाग : संप नको, मोडतोड नको, उत्पादन थांबवू नका.

ऑगस्टमध्ये अहमदाबादच्या गिरण्या बंद पडल्या त्या तीन महिन्यांहून अधिक काळ. मुंबईत, जिथे लाल बावट्याचा जोर सर्वाधिक होता तिथे, गिरण्या त्या मानाने लवकर सुरू झाल्या. तीन वर्षांपूर्वी ज्या कामगारांना युद्धाविरुद्ध रस्त्यावर आणले, त्यांनाच आता यंत्रापाशी थांबायला सांगणे, हे त्या संघटनेच्या कार्यकर्त्यांना किती जड गेले असेल, याची कल्पना करता येते.

याच काळात पक्षाचे इंग्रजी साप्ताहिक 'पीपल्स वॉर' मुंबईतून निघू लागले. त्याची भावंडे निरनिराळ्या भाषांत जन्मली. मराठीत 'लोकयुद्ध', बंगालीत 'जनयुद्ध', उर्दूत 'कौमी जंग', मल्याळममध्ये 'देशाभिमानी'. खेतवाडी आणि सँडहर्स्ट रोडच्या परिसरात पक्षाचे कम्यून होते. लेखक, चित्रकार, अनुवादक, जुळारी, सगळे एकाच छताखाली राहत, एकाच पंक्तीला जेवत आणि अंक तयार झाला की नाक्यानाक्यावर उभे राहून स्वतःच ओरडून विकत. लोकांच्या शिव्या खाणे हा त्या विक्रीचाच भाग होता. ज्या गिरगावात काल-परवा अश्रुधूर फुटला होता, तिथे 'लोकयुद्ध' हातात घेऊन उभे राहणे सोपे नव्हते.

शिव्यांना कारणही होते. बेचाळीसच्या भूमिगतांना या पत्रांत 'पंचमस्तंभी', म्हणजे शत्रूचे घरभेदी हस्तक, म्हटले जाई. सुभाषचंद्र बोस यांची व्यंगचित्रे छापली गेली आणि त्यांत ते जपानचे पंतप्रधान तोजो यांच्या हातचे बाहुले म्हणून रंगवले गेले. बोसांच्या मार्गावर राजकीय टीका करणे वेगळे आणि देश सोडून गेलेल्या एका माणसाची अशी विटंबना करणे वेगळे. पक्षाला पुढे अनेक वर्षे जे भोगावे लागले, त्यात धोरणाचा वाटा किती आणि या व्यंगचित्रांचा किती, हे सांगणे कठीण आहे. लोक धोरण विसरतात, चित्र विसरत नाहीत.

तरीही पक्ष वाढत होता, ही या काळातली चमत्कारिक गोष्ट. मे-जून १९४३ मध्ये मुंबईत पक्षाचे पहिले अधिवेशन भरले, तेव्हा सभासदसंख्या १५ हजारांच्या पुढे गेली होती. बंदी उठली त्या वेळच्या आकड्याची ती कितीतरी पट होती. अधिवेशनाच्या त्याच दिवसांत, २५ मे रोजी, मुंबईतच भारतीय जननाट्य संघाची, म्हणजे 'इप्टा'ची स्थापना झाली.

गिरणगावात या वाढीचा आवाज होता डफ आणि तुणतुण्याचा. वाळवे तालुक्यातल्या वाटेगावचा एक तरुण, तुकाराम भाऊराव साठे, ज्याला पुढे अवघा महाराष्ट्र अण्णाभाऊ म्हणून ओळखू लागला, माटुंग्याच्या लेबर कॅम्पमध्ये लाल बावट्याखाली आला होता. त्याने स्टालिनग्राडच्या लढाईवर पोवाडा रचला. गडकोटांच्या लढाया ज्या छंदात ऐकत आलो, त्याच छंदात व्होल्गाकाठची लढाई ऐकताना कामगारांना ती परकी वाटली नाही, यात त्या पोवाड्याचे यश आहे. १९४४ मध्ये अण्णाभाऊ, अमर शेख आणि द. ना. गवाणकर यांनी लाल बावटा कलापथक उभे केले. याच वर्षांत ज्या वाळवे तालुक्यातून अण्णाभाऊ आले होते, तिथे नाना पाटलांचे प्रतिसरकार गावोगाव न्यायनिवाडा करत होते. एकाच मातीतले हे दोन प्रवाह तेव्हा एकमेकांच्या विरुद्ध तीरांवर होते.

आता बंगाल.

ब्रह्मदेश पडल्याने तिथला तांदूळ थांबला. जपानी सैन्य उतरले तर त्याच्या हाती काही लागू नये म्हणून सरकारने किनारी जिल्ह्यांतला धान्यसाठा हलवला आणि हजारो नावा ताब्यात घेतल्या किंवा नष्ट केल्या. नदीनाल्यांच्या त्या मुलखात नाव गेली म्हणजे मासेमारी गेली, बाजार गेला, पलीकडचे शेतही गेले. १६ ऑक्टोबर १९४२ रोजी मेदिनीपूरच्या किनाऱ्यावर चक्रीवादळ आदळले. भाव चढत गेले. लष्कर, सरकारी कचेऱ्या आणि कलकत्त्याचे कारखाने यांना धान्य मिळेल अशी व्यवस्था होती, खेड्यातल्या भूमिहीनाला ती नव्हती. १९४३ च्या उन्हाळ्यापर्यंत माणसे रस्त्यांवर मरू लागली. दुष्काळसंहिता लागू करून दुष्काळ अधिकृतपणे जाहीर करणे सरकारने टाळले. सरकारी चौकशी आयोगाने बळींचा आकडा सुमारे १५ लाख धरला, नंतरच्या अभ्यासकांचे अंदाज ३० लाखांच्या आसपास किंवा त्याहूनही वर जातात.

'स्टेट्समन' या इंग्रजी मालकीच्या दैनिकाने ऑगस्ट १९४३ मध्ये कलकत्त्याच्या रस्त्यांवरील मृतप्राय माणसांची छायाचित्रे छापली, हे धाडसच होते. पण दुष्काळ रस्त्यावर येण्याआधी ज्या खेड्यांत घडला, तिथे जाणारे थोडे होते. काँग्रेसचे कार्यकर्ते तुरुंगात वा भूमिगत. बाहेर होते, प्रवास करू शकत होते आणि ज्यांच्याकडे गावपातळीवर किसान सभेची माणसे होती, असे कम्युनिस्टच. इथे त्या बदनाम 'कायदेशीरपणा'चा उपयोग झाला.

पूरणचंद जोशी स्वतः बंगालमध्ये फिरले. जाताना त्यांनी कलकत्त्यातल्या एका विद्यार्थ्याला अभ्यास सोडायला लावून सोबत घेतले, कारण त्याला कॅमेरा हाताळता येत होता. तो विद्यार्थी म्हणजे सुनील जाना. जोशींचे वृत्तांत आणि जानांची छायाचित्रे 'पीपल्स वॉर'च्या पानांवर आठवड्यामागून आठवडे येत राहिली. 'बंगाल मेला तर जगेल कोण?' अशा अर्थाच्या शीर्षकाची जोशींची पुस्तिका निघाली.

आणि चित्तप्रसाद भट्टाचार्य. चितगावच्या महाविद्यालयात शिकलेला हा चित्रकार. नोव्हेंबर १९४३ मध्ये तो मेदिनीपूर जिल्हा पायी हिंडला. त्याच्या काळ्या शाईच्या रेखाटनांत 'भुकेलेला बंगाली' असा सरधोपट चेहरा नाही. अनेक चित्रांखाली त्या माणसाचे नाव, गाव, धंदा लिहिलेला आहे. कोणी कोळी, कोणी शेतमजूर, कोणाचे घरदार संपलेले. लाखांच्या आकड्यात विरघळणाऱ्या माणसांना त्याने नावानिशी उभे केले. वृत्तांकनाची ही रीत त्या काळात दुर्मीळ होती.

पण तो जिल्हा मेदिनीपूर होता, हे इथे फार महत्त्वाचे. बेचाळीसच्या उठावाचे बंगालमधले ते सर्वांत धगधगते ठाणे. २९ सप्टेंबर १९४२ रोजी तामलुक येथे मोर्च्याच्या अग्रभागी असलेल्या वृद्ध मातंगिनी हाजरा यांना पोलिसांच्या गोळ्या लागल्या. वादळ त्यानंतर अवघ्या अडीच आठवड्यांत आले. त्याची बातमी सेन्सॉरने काही काळ दाबून ठेवली. बंडखोर जिल्ह्याला मदत पोचवण्यात अधिकाऱ्यांनी हेतुपुरस्सर ढिलाई केल्याचे आरोप तेव्हाच झाले. डिसेंबरमध्ये तिथे 'ताम्रलिप्त जातीय सरकार' हे समांतर राज्य उभे राहिले आणि मदतकार्यही करू लागले. म्हणजे चित्तप्रसाद ज्या वाटांनी चालत होता, त्याच वाटांवर त्याच्या पक्षाने ज्यांना घरभेदे ठरवले होते, ती माणसे लपून उपाशांना धान्य वाटत होती.

पक्षाच्या पत्रांनी दुष्काळाचे वर्णन जितके निर्भयपणे केले, तितके त्याचे निदान केले का? नाही. साठेबाज, काळाबाजारवाला आणि नोकरशाहीचा नाकर्तेपणा यांवर त्यांनी कोरडे ओढले, आणि त्यात तथ्यही होते. पण दुष्काळाची पाळेमुळे युद्धाच्या धोरणातच होती : नावा हिरावणे, लष्करासाठी होणारी खरेदी, नोटा छापून युद्धाचा खर्च भागवणे, लंडनच्या युद्धमंत्रिमंडळाने धान्यासाठी पुरेशी जहाजे न देणे. जे युद्ध 'लोकांचे' म्हणून जाहीर केले, त्याच युद्धाच्या कारभाराने लोक मरत आहेत, हे वाक्य मथळ्यात घालणे त्या साप्ताहिकाला जमले नाही. जोशींच्या आणि चित्तप्रसादाच्या पानांवर पुरावा होता, निष्कर्ष मात्र कुंपणापाशी येऊन थांबत होता.

सरकारने तरी त्यांना आपले मानले का? 'हंग्री बेंगॉल' या नावाने चित्तप्रसादाचा मेदिनीपूरचा वृत्तांत पुस्तिकारूपाने छापला गेला, तेव्हा सरकारने तिच्या पाच हजार प्रती जप्त करून जाळल्या. युद्धप्रयत्नांना आडकाठी न करणाऱ्या पक्षाचे पुस्तक जाळावेसे वाटले, यावरून त्या रेखाटनांची धार इंग्रजांना नीट कळली होती, असे म्हणावे लागते.

महाराष्ट्रात बंगालची वार्ता पोचली ती मुख्यतः गाण्यांतून आणि नाटकांतून. इप्टाच्या पथकांनी मदतनिधीसाठी दौरे केले. अण्णाभाऊंनी 'बंगालची हाक' हा पोवाडा रचला. मुंबईत १९४३ मध्ये रेशनिंग सुरू झाले होते. त्यामुळे रेशनच्या रांगेत उभ्या असलेल्या चाळीतल्या बायकांना बंगालचे संकट समजावून सांगावे लागत नव्हते. आणखी एक काम या उघडपणामुळे शक्य झाले. जानेवारी १९४५ मध्ये टिटवाळ्याला महाराष्ट्र किसान सभेचे अधिवेशन भरले आणि तिथे आलेल्या वारली आदिवासींनी वेठबिगारीची कहाणी सांगितली. युद्धविरोधासाठी तुरुंगवास भोगलेल्या गोदावरी परुळेकर त्यानंतर डहाणू-उंबरगावच्या जंगलपट्टीत गेल्या. 'जेव्हा माणूस जागा होतो' हे पुस्तक त्यातून पुढे आले.

मे १९४४ मध्ये गांधीजी सुटले आणि जूनमध्ये त्यांनी जोशींना पत्र लिहिले. 'लोकयुद्ध' म्हणता त्यात 'लोक' कोण? पक्षाच्या पैशाचा हिशेब तपासता येईल का? संपाच्या पुढाऱ्यांना पकडून देण्यात तुमचा हात होता, हे खरे का? काँग्रेसमध्ये शिरून ती पोखरायचा तुमचा विचार आहे, हे खरे का? तुमचे धोरण बाहेरून ठरते का? प्रश्न रोखठोक होते. जोशींनी लांबलचक उत्तरे दिली, त्यांत मधूनमधून दुखावल्याचा सूर आहे. हिशेब दाखवायची तयारी त्यांनी दर्शवली, आरोप नाकारले. हा पत्रव्यवहार पुढे पक्षाच्याच प्रकाशनगृहाने छापला, आणि ज्यांना या विषयावर मत बनवायचे आहे, त्यांनी समाजमाध्यमांवरील दहा चित्रफितींऐवजी तो आधी वाचावा. पहिल्या प्रश्नाचे जोशींचे उत्तर सर्वांत कच्चे आहे. जगातल्या सर्व जनतेचे युद्ध, हे तत्त्व म्हणून ठीक. पण ज्या चाळीस कोटी 'लोकां'ना युद्धाबद्दल कोणी विचारलेच नव्हते, त्यांचे काय, हा गांधीजींचा रोख त्यात चुकवलेला दिसतो.

१९४५ च्या अखेरीस काँग्रेस समितीतून कम्युनिस्टांना काढण्यात आले. तोवर 'पीपल्स वॉर'चे नाव 'पीपल्स एज' झाले होते, 'लोकयुद्धा'चे 'लोकयुग'. युद्ध संपले होते आणि संपावरचा संयमही. फेब्रुवारी १९४६ मध्ये मुंबईत नौसैनिकांनी बंड केले, तेव्हा काँग्रेस आणि लीगच्या नेत्यांनी त्यांना शरण जायला सांगितले आणि कम्युनिस्टांनी २२ फेब्रुवारीला हरताळ पुकारला. गिरणगाव बंद पडले. लष्कराच्या गोळीबारात त्या दिवसांत शहरात दोनशेहून अधिक माणसे मेली. परळला मारल्या गेलेल्यांत पक्षाच्या कार्यकर्त्या कमल दोंदे होत्या.

माणसांचे प्रवासही सरळ रेषेत झाले नाहीत. बेचाळीसमध्ये गोवालिया टँकवर झेंडा फडकावणाऱ्या अरुणा असफ अली पुढे कम्युनिस्ट पक्षात आल्या. प्रतिसरकारचे नाना पाटील १९६७ मध्ये बीडमधून लोकसभेवर निवडून गेले, ते कम्युनिस्ट पक्षाच्या तिकिटावर. पूरणचंद जोशींना मात्र १९४८ मध्ये त्यांच्याच पक्षाने बाजूला सारले.

चित्तप्रसादही त्याच सुमारास पक्षापासून दुरावला. तो मुंबईतच राहिला, अंधेरीत. लिनोवर कोरलेली चित्रे आणि मुलांसाठी कळसूत्री बाहुल्या यांत त्याने पुढची वर्षे घालवली. १९७८ मध्ये तो वारला. 'हंग्री बेंगॉल'च्या जाळलेल्या पाच हजार प्रतींपैकी एक त्याच्या कुटुंबाने बँकेच्या तिजोरीत जपून ठेवली होती. २०११ मध्ये तिच्यावरून पुस्तिकेची जशीच्या तशी प्रतिकृती छापण्यात आली.